उंबरठ्याबाहेरून घातलेलं तेल

अशी जवळ ये गं मीनू. तू तिकडे सिडनीला, क्वेकर्स हिलला, आणि मी इकडे टूवूंबाला. जवळ कसली येतेस, ते कळतं मला. पण मनाने तरी सरकून बस, हातातलं काम खाली ठेव आणि आधी मावशीची बोलणी खा. काय गं, तो मेसेज कशाला पाठवलास फॅमिली ग्रुपवर? जगातल्या सगळ्या धर्मांत आपलाच कसा मोठा, कारण तो सगळ्यांना पोटात घेतो, आणि बाकीचे सगळे म्हणे त्याच्यातूनच फुटून निघालेले. खाली तुझे जोडलेले हात. एरवी त्या मेसेजला पहिला नमस्कार माझा गेला असता आणि चहा व्हायच्या आत तो आमच्या भजनी मंडळात पोचला असता. या वेळी माझ्याकडून काहीच आलं नाही, तर तू फोन केलास, "मावशी, रुसलीस का?" रुसले नाही गं. लाज वाटली मला. कशाची, ते फोनवर सांगायला गेले की मी रडायला लागते आणि तू घाबरतेस, म्हणून बसून लिहिते आहे. सातवीपर्यंत शिकलेली बाई मी, पुढचं सगळं पोथ्या वाचून वाचून आलेलं. तेव्हा माझं शुद्धलेखन काढू नकोस. मंडळातल्या बायका विचारतात, या नवरात्रात तुम्हाला देवीचा अनुभव आला म्हणे? आला. पण तो जसा आला तसा सांगायचा तर आधी माझी लाज सांगावी लागते.

टूवूंबा तू पाहिलेलं नाहीस. डोंगरावरचं गाव, वारा फार, माती लाल. गाडी नसेल तर माणूस घरात अडकतो. बस आहे, पण ती आपल्या मनाची राणी. केदार आणि सूनबाई मृणाल कामावर गेले की दिवसभर घरात मी आणि माझे देव. इकडे घरात स्टडी म्हणून एक पिटुकली खोली असते, तिचं केदारने मला देवघर करून दिलं. पण इकडच्या घरांना उंबरठे नसतात गं, फरशी आपली सरळ आत जाते. उंबरठ्याशिवाय देवघर कसलं, म्हणून मी हट्ट धरला, तेव्हा त्याने लाकडाची एक पट्टी आणून दाराशी ठोकली. "आई, घरमालक हाकलेल आपल्याला," म्हणाला, पण ठोकली. त्या पट्टीला मी रोज हळदकुंकू लावते. ही पट्टी ध्यानात ठेव, पुढे लागणार आहे.

आमच्या समोरच्या घरात गुले राहते. लायब्ररीत मोठ्या माणसांना इंग्रजी शिकवायचा वर्ग भरतो, तिथे आमची ओळख झाली. माझ्याहून थोडी लहान, उंच, डोक्याला पांढरा रुमाल, हसली की डोळे बंद होतात. इराकमधून आलेली. मी पहिल्याच दिवशी विचारलं, "मुस्लिम?" म्हणाली, नाही. "ख्रिश्चन?" नाही. यझिदी. मी हे नाव कधी ऐकलं नव्हतं. त्यांचा धर्म फार जुना आणि माणसं थोडी. इथे त्यांची बरीच घरं आहेत. सूर्याकडे तोंड करून प्रार्थना करतात, मोराला फार मानतात. गावावर संकट आलं, घरंदारं सोडून पळावं लागलं, एवढंच ती सांगायची. पुढचं विचारलं की खिडकीबाहेर बघायची. मग मीही विचारत नसे.

एकदा मी पुढच्या अंगणात उन्हात खुर्ची टाकून वाती वळत बसले होते. ही कुंपणापाशी आली, कापूस पाहिला आणि तिचा चेहराच बदलला. शेजारी बसली, एक पेळू ओढला आणि तळहातावर अशी काही वात वळली की माझी वात तिच्यापुढे गबाळी दिसायला लागली. त्यांच्या देवस्थानात म्हणे संध्याकाळी ऑलिव्हच्या तेलात भिजवलेल्या वाती लावतात, आणि तिची आजी त्या वळायची. त्या दिवसापासून आमचा नेमच झाला. दुपारी ती यायची, मी चहा करायची, आणि दोघी वाती वळायच्या. तिचं इंग्रजी मोडकं, माझं त्याहून मोडकं, पण हातात कापूस असला की बोलायला फारसं लागत नाही. तिचं बोलणं मी इथे आपल्या भाषेत मांडते आहे, तेवढा फरक धरून चाल. नवरात्रातल्या अखंड दिव्यासाठी लागते ती लांब, जाड वातसुद्धा आम्ही दोघींनी मिळून वळली, एक टोक तिच्या हातात, एक माझ्या. या परक्या गावात मला मैत्रीण मिळाली होती मीनू. एवढ्यावर मी गप्प बसले असते तर किती बरं झालं असतं.

पण एक दिवस मी तिच्या घरी गेले आणि भिंतीवर मोराचं चित्र पाहिलं. मोठा निळा-हिरवा मोर, पिसारा फुलवलेला. मला काय आनंद झाला म्हणून सांगू! मी तिथेच टाळ्या वाजवल्या. मोर म्हणजे आपल्या कार्तिकस्वामींचं वाहन, दिवा आपला, सूर्यनमस्कार आपला, तिचं ते उंबरठ्यावर पाय न देणंसुद्धा आपलं. घरी येऊन मी मंडळातल्या बायकांना फोन लावले, आणि त्यांच्यातल्या एकीने लगेच कुठूनतरी आलेला मेसेज पाठवला, की हे लोक मूळचे आपलेच, फार वर्षांपूर्वी वाट चुकलेले. झालं! मला वाटलं, हरवलेली बहीण सापडली. त्या रात्री मी देवीपुढे हात जोडून म्हणाले, आई, तुझं पोट केवढं मोठं गं.

नवरात्राआधीचं भजन आमच्या घरी होतं. मी गुलेला आग्रहाने बोलावलं. बिचारी इस्त्रीचे कपडे घालून आली, येताना खजूर घेऊन आली. भजन झाल्यावर मी तिला मधोमध खुर्चीवर बसवलं आणि सगळ्या बायकांसमोर तिच्या कपाळाला कुंकू लावलं, ओटीत नारळ घातला आणि मृणालला म्हटलं, "सांग गं तिला इंग्रजीत. म्हणावं, तू आमचीच आहेस. तुम्ही सगळे मूळचे हिंदूच. विसरला होतात, आता घरी आलात." मृणाल म्हणाली, "आई, हे नको." मी म्हटलं, "नको काय? चांगलंच सांगते आहे मी." मृणालने काहीतरी अर्धंमुर्धं सांगितलं, पण गुलेला माझ्या हातवाऱ्यांवरूनच सगळं कळलं असावं. बायकांनी टाळ्या वाजवल्या. गुले उठली. नारळ तिने जपून टेबलावर ठेवला, रुमालाच्या टोकाने कपाळ पुसलं आणि कुणाकडे न बघता निघून गेली. मग मंडळातल्या नाडकर्णी वहिनी म्हणाल्या, "कुंकू पुसलं हो! सवाष्णींच्या समोर!" आणि माझ्या अंगाची आग झाली.

दुसऱ्या दिवशी मी रव्याचे लाडू डब्यात भरून तिच्या फाटकाशी गेले. माफी मागायला नव्हे हं, जाब विचारायला. डबा तिच्या हातात दिला आणि म्हटलं, "गुले, आम्ही तुला आपलं म्हटलं. त्यात वाईट काय केलं?" तिने झाकण उघडून पाहिलं. मग हळू आवाजात म्हणाली, "आंटी, आमच्या गावातही माणसं आली होती. म्हणाली, तुम्ही जे आहात ते नाहीच आहात. आमचे व्हा. हो म्हणा, म्हणजे जगाल. माझा भाऊ हो म्हणाला नाही." आणि पुढे म्हणाली, "त्यांच्या हातात बंदूक होती. तुझ्या हातात गोड आहे. मला ठाऊक आहे तू ते नाहीस. पण शब्द तोच होता, आंटी."

मीनू, खरं तर तिथेच मला धरणीने पोटात घ्यायला हवं होतं. पण तसं झालं नाही. मला आला राग. माझी, कुंकू लावणाऱ्या बाईची, त्या राक्षसांशी बरोबरी? घरी येऊन मी तणतणले. मृणाल म्हणाली, "आई, तुम्हाला कुणी सांगितलं ना, की तुम्ही मूळच्या अमुक आणि आता परत या, तर तुम्ही त्याला दारात तरी उभं कराल का?" मी म्हटलं, "ते वेगळं." "कसं वेगळं?" "आपण कुणावर जबरदस्ती करत नाही. म्हणून तर आपलं श्रेष्ठ." ती भांडी लावत राहिली. तुलाही मी फोन केला होता, आठवतं? तू म्हणालीस, "जाऊ दे मावशी, अशांना आपलं मोठेपण काय कळणार." मला किती बरं वाटलं होतं तेव्हा! आणि मग मी एक कोतं काम केलं. आम्ही दोघींनी वळलेली ती लांब वात मी दिव्यात घातलीच नाही. कपाटाच्या खालच्या कप्प्यात टाकली आणि एकटीने बसून दुसरी वळली. ती वाकडीतिकडी झाली, तरी तीच घातली.

घट बसले. अंगणातली लाल माती, तिच्यात धान्य पेरलं, वर कलश, शेजारी परातीत अखंड दिवा. सासूबाईंनी हा दिवा माझ्या हाती सोपवला तेव्हापासून तो मधे कधी विझलेला नाही. मुंबईत लाइट जायचे, घरात आजारपणं झाली, दिवा तेवत राहिला. त्याची मला भक्ती होतीच, पण खोटं का बोलू, घमेंडही होती. नऊ दिवस मी घराबाहेर पडत नाही, सोवळ्याशिवाय देवघरात जात नाही, केदारलासुद्धा दिव्याला हात लावू देत नाही. उपास तर कडक. डॉक्टरांनी साखरेच्या दुखण्याच्या गोळ्या दिल्यात, त्या घेऊन उपाशी राहायचं नसतं, हे मला बजावून सांगितलेलं. मृणालने रोज विचारायचं, "आई, खाल्लंत ना?" आणि मी रोज म्हणायचं, "हो गं." देवीसाठी खोटं बोललेलं देवीला चालतं, असं माझं गणित.

पाचव्या माळेच्या दिवशी दुपारी घरात मी एकटी. बाहेर वारा सुटला होता. दिव्यात तेल घालायचं म्हणून उठले, देवघराच्या दाराशी आले, आणि घाम फुटला. हातपाय आपले वाटेनात. त्या लाकडी पट्टीच्या अलीकडेच मी खाली बसले, बसले कसली, कोसळले. डोकं चौकटीला लागलं. समोर दिवा दिसत होता, तेल तळाला गेलेलं, ज्योत आखडत चाललेली, आणि मला हात उचलता येत नव्हता. तोंडाने नाव घेत होते की मनात, ते आता सांगता येत नाही. आई, मला ने, पण हा विझू देऊ नकोस, एवढंच काय ते डोक्यात होतं. मेलीस तरी चालेल पण दिवा राहू दे, असली माझी बुद्धी.

तेवढ्यात मागच्या जाळीच्या दारावर टकटक झाली. गुले होती. रिकामा डबा परत द्यायला आली होती, म्हणजे रिकामा नव्हे. दुसऱ्याचा डबा रिकामा परत करू नये हे तिच्याकडेही आहे, त्यात तिने खजूर भरले होते. इतके दिवस आली नव्हती, रस्त्यात दिसली तर मान फिरवत होती, आणि नेमकी त्याच दुपारी, त्याच वेळी ती आली. का आली, हे मी तिला पुढे विचारलं. म्हणाली, "डबा नजरेसमोर नको झाला होता." एवढंच. मी त्यात आणखी काही घालत नाही. जाळीतून तिने मला पाहिलं आणि धावत आत आली. माझा चेहरा पाहूनच तिला कळलं, कारण तिच्या आईलाही साखरेचं दुखणं होतं. तिने खजूर बोटांनी कुस्करला आणि माझ्या गालात ठेवला, थोडा थोडा, मी गिळते की नाही ते बघत. नवरात्रात ज्या बाईच्या हातचं मी पाणीसुद्धा घेतलं नसतं, तिच्या बोटांवरचा खजूर चोखत मी पडले होते. मग तिने फोन लावला. अँब्युलन्स कशी बोलवायची, ते वर्गातल्या बाईंनी आम्हाला सगळ्यांत आधी शिकवलं होतं. मी ते विसरले होते. ती विसरली नव्हती.

आता लाजेची गोष्ट ऐक. अँब्युलन्सची माणसं आली, मला स्ट्रेचरवर घेतलं. त्यांच्यातली एक मुलगी देवघराकडे बघून म्हणाली, घरात कुणी नाही, हे जळतं ठेवता येणार नाही, विझवू या. ती फुंकर मारायला वाकणार, तर गुले दारात आडवी उभी राहिली. "नो. नो ब्लो. मी थांबते इथे." अगं, किती मोठ्याने बोलली ती! एरवी तिचा आवाज कुंपणापलीकडे जात नाही. आणि मी? जिने मला मरणाच्या दारातून ओढलं, जिने माझ्या दिव्यासाठी अंग आडवं घातलं, तिला मी जाता जाता काय म्हणाले असेन? मी हात वर करून ओरडले, "गुले, नो टच! नो टच!" थँक्यू नाही, काही नाही. सोवळं आठवलं मला. तिने माझ्याकडे पाहिलं, मान हलवली आणि म्हणाली, "ओके, आंटी."

हॉस्पिटलमध्ये त्यांनी मला ठेवून घेतलं, डोक्याला टाके पडले. मी केदारला सारखं एकच विचारत होते, दिवा? तो म्हणे, "आहे, आहे, तू झोप." मला वाटलं, माझ्या समाधानासाठी म्हणतोय. विझलाच असणार. घरात सोवळ्याने तेल घालणारं कोण होतं? मी भिंतीकडे तोंड करून रडले. नर्स गोड बोलून गेली, तिला वाटलं टाके दुखताहेत. तिथे पडल्या पडल्या मला पहिल्यांदा गुलेचा भाऊ आठवला. त्याचं नावही मी कधी विचारलं नव्हतं. एका शब्दासाठी जीव दिलेला माणूस, आणि मी त्याच्या बहिणीला बायकांच्या घोळक्यात बसवून म्हणाले होते की तुझा तो शब्दच खोटा, तू वेगळीच कुणीतरी आहेस. मी तिला पोटात घेत होते ना? पोटात गेलेलं काय होतं, मीनू? ते उरतं का? रात्रभर मला हेच सुचत होतं, आणि देवीचं नाव घ्यायला जीभ उचलत नव्हती.

घरी आणलं त्या दिवशी केदारचा हात धरून मी आत शिरले. देवघरातून उजेड येत होता. दिवा तेवत होता. आणि उंबरठ्याच्या बाहेर गुले गुडघ्यांवर बसली होती. डोक्यावरून रुमाल ओढलेला, पाय धुतलेले, चपला पार अंगणात. तिच्या हातात त्यांचं कॉफी उकळायचं लांब दांड्याचं पितळी भांडं होतं. ते पुढे करून, हात ताणून, ती बाहेरूनच दिव्यात तेल सोडत होती. अगदी बारीक धार. एका विणायच्या सुईने वात पुढे सारली. दिव्याला बोट नाही, परातीला नाही, घटाला नाही. तेलाची बाटली देवघरात आत होती, ती घ्यायची तर उंबरठा ओलांडावा लागला असता, म्हणून तिने आपल्या घरचं ऑलिव्हचं तेल आणलं होतं, ज्यात ते आपल्या वाती भिजवतात ते.

केदार माझ्या कानाशी म्हणाला, "आई, रात्री मी बघत होतो, दिवसा ही येऊन बसायची. मी किती वेळा म्हटलं, आत या, आई काही म्हणणार नाही. ऐकतच नाही. म्हणते, घर तिच्या देवाचं आहे, तिने 'नो टच' सांगितलंय, तिनेच मोडायचं ते." मी तिथेच खाली बसले. डॉक्टरांनी जपायला सांगितलं होतं, केदार ओरडला, पण मी उठले नाही. माझा शब्द, रागातून आणि घमेंडीतून निघालेला, अगदी नको तेव्हा निघालेला, तो तिने असा पाळला होता. आणि तिचा शब्द मी कसा पाळला होता?

मी हात पुढे केले आणि म्हटलं, "गुले, ये. आत ये. लाव हात." मला वाटलं, आता तिच्या डोळ्यांत पाणी येईल. बघ माझा स्वभाव, तेव्हासुद्धा मला वाटत होतं की मी तिला काहीतरी देते आहे. ती गुडघे चोळत उठली आणि म्हणाली, "नको, आंटी. मला आत यायचं नाही. माझं घर आहे. इथूनही दिवा दिसतो." मी म्हटलं, "मग इतकं सगळं का केलंस?" ती म्हणाली, "दिवा पेटलेला असला तर विझू द्यायचा नाही. ते दिव्यासाठी केलं. तुझ्यासाठी..." तिने माझ्या डोक्याच्या पट्टीकडे पाहिलं, आणि पहिल्यांदा थोडंसं हसली. "तुझ्यासाठी नंतर. आधी तू जेव."

त्यावर केदारला हसू आलं, मला रडू. मृणालने दूधभात कालवून आणला. उपास मोडला माझा, नवरात्राच्या मधेच, दिव्यासमोर बसून, आणि मीनू, खरं सांगते, तितका गोड नैवेद्य मी कधी खाल्ला नसेल. मग मी हात जोडले. माझ्या तोंडावर आलं होतं, गुले, तूच माझी देवी, तुझ्या रूपाने तीच आली. असंच म्हणतो ना आपण? पोथ्यांतही असंच असतं. पण शब्द ओठावर आला आणि मी जीभ चावली. अगं, हे पुन्हा तेच झालं असतं. पुन्हा मी तिला उचलून माझ्या देव्हाऱ्यात बसवलं असतं आणि कुंकू लावलं असतं. जी आली ती गुले होती. आपल्या देवाचं नाव घेऊन, आपल्या घरचं तेल घेऊन आली होती. माझ्या देवीने तिला पाठवलं की तिच्या देवाने, हा हिशेब लावायचा मला काय अधिकार? मी नुसती म्हणाले, "गुले, माझं चुकलं." ती म्हणाली, "हो." मग मी विचारलं, "तुझ्या भावाचं नाव काय होतं?" तिने सांगितलं. ते मी इथे लिहीत नाही, ते तिचं आहे.

दिव्यातली माझी वाकडी वात तोवर संपत आली होती. खालच्या कप्प्यातली ती दोघींनी वळलेली वात मी काढून आणली आणि तिच्यापुढे धरली. "तू वळलेली आहे. माझ्या दिव्यात घालू का? चालेल तुला?" इतक्या वर्षांत कुणाला विचारून काही आपलंसं केलं असेल तर ते तेव्हा. ती म्हणाली, "आंटी, कापूस आहे तो. केमिस्टकडून आणलेला. घाल." नव्या वातीला जुन्या ज्योतीवरून पेटवलं, आणि दसऱ्यापर्यंत तो दिवा तिच्या आणि माझ्या, दोन्ही तेलांवर जळला. ऑलिव्हचं तेल तिळाच्या तेलात मिसळलं, पण बाटल्या दोन राहिल्या. एक तिने परत नेली.

पुढच्या भजनाला मी बायकांसमोर सगळं सांगितलं, ज्यांच्याकडून टाळ्या घेतल्या होत्या त्यांच्यासमोरच मान खाली घातली. नाडकर्णी वहिनी म्हणाल्या, "पण आपण तर मोठ्या मनानेच बोललो होतो हो." मी म्हटलं, "वहिनी, मन मोठं होतं की तोंड, तेच मला कळेना. दुसऱ्याला गिळायला मोठं तोंडही पुरतं." काही जणींना पटलं नाही, एकीने तर ग्रुप सोडला. राहू दे. मलाही साठ-पासष्ट वर्षं लागली, आणि डोकं फुटावं लागलं. माझी भक्ती कमी झाली असं समजू नकोस. सकाळी मी तोच उंबरठा पुजते, तेच नाव घेते, ते मला आईच्या दुधासारखं आहे. फक्त ते सगळ्यांहून मोठं आहे असं आता म्हणवत नाही. आई सगळ्यांत मोठी आहे हे सांगत गावभर फिरणारं लेकरू तिच्या मांडीवर कधी बसणार? शरण जाते, शरण जाते, असं मी रोज म्हणत होते, आणि माझं श्रेष्ठपण मात्र पदराच्या गाठीत बांधून ठेवलेलं. ती गाठ देवीने सोडली, की गुलेने, की त्या खजुराने, मला ठाऊक नाही. सोडली एवढं खरं. त्या लाजेबद्दल मी रोज दिव्यापुढे हात जोडते. लाज वाटली हीच कृपा.

गुले येते अजून. रोज नाही, पूर्वीसारखं नाही. "तुझ्यासाठी नंतर" म्हणाली होती, ते नंतर हळूहळू येतं आहे. परवा तिने डबा पाठवला आणि मी तो भरून परत पाठवला, आता तिची पाळी आहे.

तेव्हा तो मेसेज काढून टाक असं मी सांगत नाही मीनू, तू शहाणी आहेस. पण एकदा इकडे ये. मुलांना सुट्टी लागली की गाडी काढा, लांब आहे, वाटेत एक मुक्काम करा. मी तुला समोरच्या घरी घेऊन जाईन. तिच्या उंबरठ्यावर पाय देऊ नकोस, आणि भिंतीवरचा मोर दिसला की लगेच आपल्या देवाचं नाव काढू नकोस. तिलाच विचार, हा कोण. ती सांगेल ते शेवटपर्यंत ऐक. मी शेजारी वाती वळत बसेन, मध्ये बोलणार नाही. ये गं, लवकर ये.